मूकपटातलं बोलणं

विणकराला कमी ऐकू यायचं. उमेदीची सगळी वर्षं कापड गिरणीच्या मागखात्यात गेली होती आणि तिथल्या खडखडाटात कानांचं मातेरं झालं होतं. पण मागावर कानांवाचून कुणाचं अडत नाही. ओठांकडे बघितलं की बोलणं कळतं. शिव्या तर पार दुसऱ्या टोकाहूनही कळतात.

लग्नानंतर बायकोला हे समजलं तेव्हा तिनं दोनदा विचारलं होतं, "लांबूनही कळतं?" मग तिलाही त्याची गोडी लागली. सासू शेजारी बसलेली असली तरी ती चुलीपाशी उभी राहून नुसते ओठ हलवायची, "तुमच्या आईंनी भाजीत पुन्हा मीठ टाकलंय," आणि हसू दाबता दाबता त्याला ठसका लागायचा.

लग्नाआधी तिनं मूकपटांत कामं केली होती. तीन-चार चित्रं, फारशी चालली नाहीत. एखादं दाखव म्हटलं की ती उडवून लावायची. "काय बघायचंय त्यात? पावडर फासलेलं भूत दिसतं." त्याला वाटायचं, लाजते.

ती उन्हाळ्यात गेली. थंडीत थिएटरचा मॅनेजर घर शोधत आला. तिचं एक चित्र कुणाच्या तरी माळ्यावर सापडलं होतं. "रविवारी दाखवतोय. तुम्ही यायचं, आणि खेळ संपल्यावर दोन शब्द बोलायचे." विणकर दोन शब्दांनी धास्तावला, पण घरात तिचा एकच फोटो होता, तोही चेहरा आखडून काढलेला. इथे ती चालताना दिसणार होती. रविवारी त्यानं सदऱ्याला दोनदा इस्त्री केली आणि धाकट्या मेहुणीला बरोबर घेऊन तो पहिल्या रांगेत जाऊन बसला.

ती दारातून आली. तशीच चालत होती, उजवा खांदा किंचित पुढे. विणकराचे डोळे भरून आले. त्यानं बाहीनं घाईघाईनं पुसले, तेवढ्यात एखादं पाऊल चुकायला नको.

मग निरोपाचा प्रसंग आला. नायक पाठमोरा उभा, ती त्याच्याकडे बघत बोलतेय. पडद्यावर अक्षरं आली, "नाथ, आपण परत येईपर्यंत मी या दारातून हलणार नाही." लोकांनी सुस्कारे टाकले.

पण तिचे ओठ म्हणत होते, "तुला बायको सोडवत नाही, मग मी काय करू? त्या गिरणीवाल्याला हो म्हटलंय. चांगला आहे. बहिरा आहे थोडा, त्याला काही कळायचं नाही." नायकानं तिचा हात धरला. "लग्न झालं तरी गुरुवारी येत जाईन. धाकटीकडे जाते म्हणून सांगेन. तू फक्त रडू नकोस."

तू. विणकराला तिनं जन्मात कधी 'तू' म्हटलं नव्हतं.

आणि गुरुवार. संसाराच्या सुरुवातीला दर गुरुवारी ती धाकटीकडे जायची म्हणून तो स्वतः भात टाकायचा. येताना दमते बिचारी, म्हणून.

त्यानं मेहुणीकडे मान वळवली. पडद्याच्या उजेडात ती कौतुकानं बघत होती.

"गुरुवारी ती तुझ्याकडे यायची?"

मेहुणीचा चेहरा उतरला. "भाऊजी, हे आत्ता काय काढलंत? कुणी सांगितलं तुम्हाला?"

"तिनंच. आत्ता."

मेहुणीनं पडद्याकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. तिच्या ध्यानात यायला थोडा वेळ लागला. "दोनच वर्षं चाललं ते," ती म्हणाली. "मग तो परगावी गेला. मी तिला किती समजावलं. नंतर ती तुमचीच होती हो, अगदी मनापासून."

"हेही तिनंच सांगितलं होतं मला. पुष्कळदा."

पुढचं चित्र तो बघत राहिला. नजर काढून घेता येईना. ती हसली की त्याला अजूनही बरं वाटत होतं, आणि त्याचीच त्याला जास्त चीड येत होती.

दिवे लागले. मॅनेजरनं त्याला हाताला धरून वर नेलं. सगळे टाळ्या वाजवत होते.

"माझ्या बायकोनं फार चांगलं काम केलंय," विणकर म्हणाला. "मला आज कळलं."

लोकांना ते फार आवडलं. मॅनेजर त्याच्या समोर येऊन मोठ्यानं म्हणाला, "आणि घरी कशा होत्या त्या? सांगा ना."

विणकरानं खाली मेहुणीकडे पाहिलं. ती डोळ्यांनीच विनवत होती.

"घरीही," तो म्हणाला, "फार चांगलं काम करायची."