खिळ्यावरची काळी ओढणी

मित्रांनो, मी एक जुनी काळी ओढणी आहे. तितिकाका सरोवरातल्या आमांतानी बेटावर फाउस्तिनाचं घर आहे. त्या घरच्या स्वयंपाकघरात, दाराशेजारच्या खिळ्यावर मी कित्येक वर्षं टांगलेली होते. आधीच सांगून ठेवते, माझा स्वभाव हेवेखोर आहे. मला तो लपवता येत नाही. खिळ्यावर टांगलेल्या वस्तूला दुसरं काम तरी काय असतं? ती बघत राहते आणि जळत राहते.

माझा जन्म मात्र कौतुकात झाला. फाउस्तिनाच्या कळपात एक काळी मेंढी होती, तिच्या लोकरीची मी. शेताकडे चढताना, उतरताना, बांधावर बसून गप्पा मारताना फाउस्तिनाच्या हातातली टकळी फिरत असे, आणि माझा धागा लांब होत असे. तिचा नवरा सिप्रियानो याने मला मागावर विणलं. मग एका कोरड्या हिवाळ्यात, बटाटे काढून झाल्यावर, फाउस्तिनाने माझ्या काठावर लाल, पिवळी, जांभळी फुलं भरली. शेजारणी विचारत, कुणासाठी एवढं चाललंय? ती म्हणे, लेकीसाठी. लेक यानेत तेव्हा लहान होती. माझं एक टोक डोक्यावर घेऊन ती अंगणात धावली की दुसरं टोक मातीत लोळत असे.

यानेत वाढली आणि मी तिच्या मापाची झाले. जानेवारीतल्या डोंगरावरच्या जत्रेत तिने मला पहिल्यांदा रीतीने डोक्यावर घेतलं. सिप्रियानोची बहीण दिओनिसिया जवळ आली, माझा काठ उलटून मागचे टाके तपासू लागली. तिला एकही गाठ दिसली नाही. ती भावजयीला म्हणाली, "वहिनी, माझ्या लग्नात हे हात कुठे ठेवले होतेस गं?" सगळ्या हसल्या. मी तर फुलून गेले होते. बेटावरच्या साऱ्या ओढण्या आज माझ्याकडे बघताहेत, असं मला वाटत होतं.

पण माझं सुख फार टिकलं नाही. सिप्रियानोने एकदा शहराच्या बाजारातून यानेतसाठी लाल जॅकेट आणलं. चकचकीत, आत कापूस, पुढे चेन. यानेतने चेन वर केली, खाली केली, पुन्हा वर केली. त्या दिवसापासून माझ्या पोटात दुखू लागलं. त्या जॅकेटला ना कुणी कातलं होतं, ना कुणी भरलं होतं. त्याच्या जन्माच्या वेळी कुणी कुणाचं नावही घेतलं नसेल. तरी सरोवरावरून वारा सुटला की यानेतचा हात आधी त्याच्याकडे जाई.

पुढे ती दूर आरेकिपा शहरात एका बेकरीत कामाला गेली. जाताना अंगात जॅकेट होतं. मला तिने हातात घेतलं, घडी घातली, मग घडी मोडून पुन्हा खिळ्यावर टांगलं. आईला म्हणाली, तिथे असं कुणी घालत नाही, लोक बघत राहतात. खिडकीतून मला बोट दिसत होती. बोट लहान झाली तरी लाल ठिपका दिसत होता. काळी ओढणी एवढ्या लांबून दिसली नसती, हेही मला तेव्हाच कळलं.

मग घरात परदेशी पर्यटक पाहुणे म्हणून राहायला येऊ लागले. सिप्रियानोने वरच्या मजल्यावर खोली बांधली, तिचं दार निळं रंगवलं. यानेतची खाटही तिथेच नेली. बोट धक्क्याला लागली की गावप्रमुख पाळीप्रमाणे पाहुणे वाटून देई. कुणाकडे दोन, कुणाकडे एक. ते एक रात्र राहत, सूप पीत, टेकडीवर जाऊन सूर्यास्त बघत आणि संध्याकाळी गावच्या सभागृहात आमचे कपडे घालून नाचत. सकाळी निघून जात.

या नाचासाठी फाउस्तिनाने मला खिळ्यावरून काढलं. सिप्रियानोने विचारलं, लेकीची ना ती? ती म्हणाली, "लेकीच्या डोक्यावर कधी बघायला मिळणार? कुणाच्या तरी डोक्यावर बघते."

तेव्हापासून मी अनेक डोकी पाहिली. पिवळ्या केसांची, कापलेल्या केसांची, एकदा तर पूर्ण टक्कल असलेलंही. सगळ्यांना साबणाचा गोड वास. मी त्यांच्यावर तासभर मिरवे, फोटोत हसे आणि परत खिळ्यावर येई. तुम्हाला वाटेल, केवढा मान. पण मी फाउस्तिनाच्या स्वतःच्या ओढणीकडे बघत असे. ती माझ्याहून म्हातारी. काळी म्हणायची, पण उन्हाने तपकिरी झालेली, काठाची फुलं झिजून नुसते ठिपके उरलेले. तीच शेतात जाई. तिच्यातच बटाटे बांधून येत. चुलीपाशी तिचंच टोक तव्याला धरायला लागे. फाउस्तिना रडली तर डोळे तिनेच पुसले जात. माझे टाके शाबूत होते आणि मला तिच्या प्रत्येक भोकाचा हेवा वाटत होता.

आणखी एक गोष्ट मला खुपत असे. पाहुण्यांना फाउस्तिना हे नाव जमत नसे, म्हणून ते तिला सरळ आई म्हणत. आणि ती ओ देई.

एकदा थंडीच्या दिवसांत मारित नावाची पाहुणी आमच्या वाट्याला आली. नॉर्वेची, तरुण, नाकावर ऊन लागून सालं निघालेली. त्याच बोटीतून, न कळवता, यानेत उतरली. धक्क्यावर काय झालं ते मला नंतर चुलीपाशी ऐकायला मिळालं. प्रमुखाने फाउस्तिनाचं नाव पुकारलं, तिने मारितचा हात धरला, आणि तेवढ्यात मागून आवाज आला, "आई, मला कुणाकडे पाठवताय?" फाउस्तिनाच्या हातात पाहुणीचा हात तसाच राहिला. लेकीला मिठी मारायची तर कुठला हात सोडायचा, हे तिला म्हणे सुचेना.

तिघी घरी आल्या. यानेतच्या अंगात तेच लाल जॅकेट, कोपरावर थोडं फाटलेलं. मला वाटलं, आता माझ्याकडे बघेल. पण ती वर गेली आणि लगेच खाली आली. तिच्या खाटेवर मारितची पिशवी होती.

जेवताना किनोआच्या सुपाचा पहिला वाडगा मारितला मिळाला. तळलेल्या चीजचा मोठा तुकडाही तिलाच. पाहुणीचा मान, त्यात चुकीचं काही नव्हतं. पण जेवण झाल्यावर मारित चुलीपाशी बसली आणि एकेका वस्तूचं नाव विचारू लागली. भांडं, राख, बटाटा. फाउस्तिना आमच्या केचुआ भाषेतला शब्द सांगे, ती चुकीचा म्हणे, फाउस्तिना हसून पुन्हा सांगे. यानेत बटाटे सोलत होती. मान वर न करता ती म्हणाली, "मला इतक्या प्रेमानं कधी शिकवलं नाहीस."

"तुला शिकवावं कुठे लागलं?" फाउस्तिना म्हणाली. "तू पोटातूनच बडबडत आलीस."

सिप्रियानो हसला. यानेत हसली नाही.

संध्याकाळी कपडे घालायची वेळ झाली. फाउस्तिनाने मारितला भरतकामाचं पोलकं दिलं, एकावर एक घागरे चढवले, कमरपट्टा इतका आवळला की पाहुणीचा श्वास अडकला. मग मला खिळ्यावरून काढलं, झटकलं आणि मारितच्या डोक्यावर नीट बसवू लागली. दारातून आवाज आला.

"ती माझी आहे."

फाउस्तिनाचे हात थांबले. "खिळ्यावर होती तेव्हा कुणाची होती?"

"तुझ्याजवळ ठेवायला दिली होती, आई. वाटायला नाही."

मारितला शब्द कळले नाहीत, पण स्वर कळला. ती मला डोक्यावरून काढू लागली. फाउस्तिनाने तिचा हात धरला. "राहू दे, पोरी."

ते ‘पोरी’ ऐकून यानेत बाहेर निघून गेली.

मित्रांनो, खरं सांगते, त्या क्षणी मला वाईट वाटायला हवं होतं. पण मला आनंद झाला. आजवर मी सगळ्यांवर जळत आले होते. आज पहिल्यांदाच माझ्यासाठी कुणीतरी जळत होतं.

दार उघडंच होतं. यानेत मेंढ्यांच्या गोठ्याच्या दगडी कुंपणावर, आमच्याकडे पाठ करून बसली होती. फाउस्तिना तिच्याजवळ गेली. तिने स्वतःच्या डोक्यावरची ओढणी काढली. ती उघड्या डोक्याने अंगणात उभी राहिलेली मी कधी पाहिली नव्हती. तिच्या वेण्या पार पांढऱ्या झाल्या होत्या. यानेतनेही ते तेव्हाच पाहिलं असावं, कारण ती कुंपणावरून खाली उतरली.

"ही घे," फाउस्तिना म्हणाली. "ही मी कुणालाच देत नाही."

"आणि तू काय घालणार?"

"तुझं ते लाल दे इकडे. वारं झोंबतंय."

त्या झिजक्या ओढणीत यानेतने तोंड खुपसलं आणि बराच वेळ वास घेतला. मी मारितच्या डोक्यावर, साबणाच्या वासात, ते बघत होते. फाउस्तिनाने जॅकेट चढवलं, पण घागऱ्यांच्या घेरावरून चेन लागेना. यानेत गुडघ्यांवर बसली, आईला पोट आत घ्यायला सांगितलं, आणि लहान मुलीला घालावं तसं चेन लावून दिली.

सभागृहात वेळूच्या बासऱ्या आणि ढोल सुरू झाले होते. दिओनिसिया स्वतःच्या दोन म्हाताऱ्या पाहुण्यांना घेऊन बसली होती. भावजयीला बघून ती उठलीच. म्हणाली, "ही लाल जॅकेटवाली पाहुणी कुठल्या बोटीनं आली? कुणाच्या वाट्याला दिलीय?"

"माझ्या," यानेत म्हणाली, आणि आईला ओढून नाचात घेऊन गेली.

फाउस्तिना खिशात हात घालून नाचली. आमच्याकडे असं कुणी नाचत नाही. सगळे हसत होते, तीही हसत होती. मी गिरक्या घेत होते, माझी फुलं दिव्याखाली चमकत होती, आणि माझा जीव तिळतिळ तुटत होता. यानेतच्या डोक्यावर ती भोकं पडलेली म्हातारी, फाउस्तिनाच्या अंगावर ते चेनवालं लाल सोंग, आणि सगळ्यांत देखणी मी परक्या डोक्यावर.

उंचावरच्या विरळ हवेने मारित लवकर दमली आणि बाकावर टेकली. मी तिच्या डोक्यावरून घसरले होते. यानेत आली. तिने मला परत नीट बसवलं आणि माझ्या काठावरून बोट फिरवलं. माझ्या काठावर एक वाकडं फूल आहे, ते तुम्हाला सांगायचं राहिलंच. पाकळ्या कमीजास्त, देठ उलटा. यानेतने ते मारितला दाखवलं आणि सावकाश स्पॅनिशमध्ये म्हणाली, "हे मी भरलं होतं. बोटाला सुई टोचली म्हणून अर्ध्यात सोडलं. आईनं उसवलं नाही."

मारितने फुलाकडे नीट पाहिलं. मग म्हणाली, "मला हेच सगळ्यांत आवडलं होतं."

यानेत तिच्या शेजारी बसली. त्यानंतर त्या दोघी काय बोलल्या ते ढोलामुळे मला ऐकू आलं नाही.

सकाळी सगळे धक्क्यावर गेले; यानेतलाही त्याच बोटीने परत कामावर जायचं होतं. मारितने मला हातात घडी घालून आणलं होतं, मालकिणीला परत द्यायला. ती यानेतपुढे उभी राहिली आणि मला पुढे केलं. पण यानेतच्या डोक्यावर अजूनही आईची ओढणी होती. तिने विचारलं, "आई, हीच नेऊ का?"

"तिला भोकं आहेत."

"माहीत आहे."

"लोक बघतील."

"बघू देत."

फाउस्तिनाने मान डोलावली आणि मारितच्या हातून मला घेतलं. जॅकेट काढायला गेली तर यानेतने तिचा हात अडवला. बोट सुटली तेव्हा दोघी मुली तिच्यात शेजारीशेजारी उभ्या होत्या. बोट थोडी पुढे जाताच यानेत दिसेनाशी झाली, कारण आता तिच्या अंगावर लाल काही नव्हतं. तरी फाउस्तिना बघत राहिली. वारं होतं. तिने मारितने दिलेली घडी उलगडली आणि मला स्वतःच्या डोक्यावर घेतलं.

त्या दिवसापासून मी खिळ्यावर गेले नाही. पाहुण्यांसाठी फाउस्तिनाने दुसरी ओढणी भरली. मी शेतात जाते. माझ्यात बटाटे बांधले जातात. धुराने माझी पिवळी फुलं करडी झाली, एका टोकाला तव्याने भाजून भोक पडलं. लाल जॅकेट अजून घरात आहे. पहाटे थंडीत फाउस्तिना ते घालते आणि वरून मला घेते. एकाच पाठीवर आम्ही दोघं. मला अजूनही त्याचा हेवा वाटतो, कारण ते तिच्या अंगाला लागून असतं आणि मी वर.

मित्रांनो, तुमच्या घरी तुमच्यासाठी कुणी काही विणलेलं, शिवलेलं, जपून ठेवलेलं असेल. खराब होईल म्हणून ते पेटीत पडून असेल. ते बाहेर काढा आणि वापरा. मळलं तर धुता येतं, फाटलं तर सांधता येतं. आम्हाला जपायचं असेल तर अंगावर ठेवा.

यानेतचा फोन आला की फाउस्तिना टेकडीवर चढते, तिथेच आवाज नीट येतो. तब्येत, मेंढ्या, पाऊस, सगळं बोलून झालं की यानेत शेवटी विचारते, "माझी ओढणी कशी आहे?"

"मळलीय. आणि माझी?"

"तिला पिठाचा वास लागलाय."

फाउस्तिना हसते आणि माझ्या टोकाने डोळे पुसते.