निळा बिल्ला

डोंगरावरच्या देवळापाशी मेपलची पानं उरलेली नाहीत, हे मित्सुएला तीन दिवसांपासून ठाऊक होतं. वादळ येऊन गेलं होतं आणि झाडांचे नुसते खराटे झाले होते. तरीही ओसाकाहून बस सुटून तासभर झाल्यावर तिनं माईक उचलला आणि चौदा वर्षं वापरून गुळगुळीत झालेल्या आवाजात म्हणाली, "मंडळी, नशीबवान आहात! यंदा रंग असा चढलाय की विचारू नका."

"विचारूच नका," ड्रायव्हर सेनबा समोरच्या रस्त्याकडे बघत पुटपुटला.

वर पोचल्यावर दिसलं की चहावाल्यानं आपल्या दुकानापुढच्या दोन झाडांना प्लास्टिकची लाल पानं तारेनं बांधून टाकली होती. एक्केचाळीस प्रवाशांनी त्या दोन झाडांखाली रांग लावून फोटो काढले. एकानं आठवण म्हणून पान ओढलं, तर तारेसकट अख्खी फांदी हातात आली. त्यानं ती परत अडकवली आणि तिच्याबरोबर फोटो काढून घेतला. कुणाला काही वाटलं नाही. मित्सुएला तेवढी शिसारी आली, पण ती माणसांची की आपल्याच आवाजाची, हे तिला नीट सांगता आलं नसतं. बावन्नाव्या वर्षी नोकरी बदलता येत नाही म्हणून ती हसत उभी राहिली.

पहिल्या सीटवर किनुयो नावाच्या आजी होत्या. वय एक्क्याऐंशी, एकट्याच आलेल्या. मांडीवर लिमलेटच्या गोळ्यांची पिशवी. ओसाकाच्या बायका अनोळखी माणसाशी बोलायला लागल्या की आधी त्याच्या हातावर गोळी ठेवतात, तशी त्यांनी सकाळपासून मित्सुएच्या हातावर चार ठेवल्या होत्या.

"अहो बाई, पानांचं जाऊ दे," बस खाली उतरायला लागल्यावर आजी म्हणाल्या. "फसायला मी वर आलेच नाही. मला खेकड्याचं सांगा. जादा पैसे भरलेत मी. बिल्ल्याचा खेकडा म्हणजे बिल्ल्याचाच ना?"

"आजी, आपण जेवायला चाललोय ते माझ्या माहेरचं बंदर आहे. माझा शब्द समजा."

"यांनी आयुष्यभर सांगितलं, पुढच्या वर्षी नेतो तुला, बिल्ल्याचा खेकडा खाऊ घालतो. पुढच्या वर्षी, पुढच्या वर्षी करत वसंतात गेले की निघून! आता मी खाणार आणि बिल्ला नेऊन त्यांच्या फोटोपुढं ठेवणार. म्हणणार, बघा, तुमच्यावाचून अडलं नाही." आजी हसल्या आणि पाचवी गोळी काढली. "घ्या. आणि माईकवर सांगा सगळ्यांना, म्हणजे या मंडळींना कळेल काय खाणार आहेत ते."

मित्सुएनं सांगितलं. हे सांगताना मात्र तिचा आवाज गुळगुळीत नसायचा. बोटी पहाटे दोनला निघतात. जाळं वर येतं तेव्हा डेकवर उभं राहवत नाही इतका वारा असतो. बंदरात आल्यावर एकेक खेकडा हातात घेऊन बघायचा, आठ पाय, दोन नांग्या, कवच टणक, तरच त्याच्या नांगीला निळा बिल्ला बांधायचा. बिल्ल्याच्या एका बाजूला बंदराचं नाव, दुसऱ्या बाजूला बोटीचं. "माझे वडील आता नाहीत, पण ते कोगेत्सु-मारू या बोटीचे तांडेल होते. एक पाय मोडका असला तरी बिल्ला द्यायचे नाहीत. तो खेकडा आमच्या घरच्या पातेल्यात यायचा. लहानपणी मी खाल्लेले सगळे खेकडे लंगडे होते!"

बस हसली. हे वाक्य दरवेळी हशा घ्यायचं. कोगेत्सु-मारू दोन वर्षांपूर्वीच्या एप्रिलमध्ये मोडीत काढली, हे ती कधी सांगत नसे. सहलीला आलेल्या लोकांना मोडलेल्या बोटी कशाला दाखवायच्या, असं तिला वाटायचं.

बंदरावरच्या तिमजली हॉटेलात चटयांचा लांबलचक हॉल होता. नव्वद मिनिटं, हवे तेवढे खेकडे. हे हवे तेवढे खेकडे कुठल्याशा लांबच्या समुद्रातले, बर्फात गोठून आलेले. जाहिरातीच्या तळाशी बारीक अक्षरांत तसं लिहिलेलं होतं, तेव्हा त्यात फसवणूक नव्हती. लोकांनी गळ्यात प्लास्टिकचे एप्रन बांधले आणि पहिल्या मिनिटापासून हॉलमध्ये बोलणं थांबलं. उरले ते नुसते कवचं मोडण्याचे कडकड आवाज आणि सुर्र सुर्र चोखणं. हनुवटीवरून पाणी गळत होतं. एक बाई पाय अर्धा चोखून टाकत होती, कारण पुढचा भरलेला दिसत होता. एका गृहस्थानं मांडीवर पिशवी उघडून ठेवली होती आणि दोन पाय तोंडात गेले की तिसरा पिशवीत. फुकट ते पौष्टिक! चोथ्याच्या बादल्या भरत होत्या आणि हॉलभर उकडलेल्या मिठाचा उग्र वास कोंडला होता. मित्सुए चौदा वर्षं हे बघत होती आणि दर वर्षी थोडी लवकर हॉलबाहेर पडायची.

गाईड आणि ड्रायव्हरची जेवणाची खोली मागं असते. तिथं कढीसारखा पिवळा रस्सा आणि भात मिळतो, खेकडा नाही. मित्सुएनं दोन घास घेतले नाहीत तोच वाढपी मुलगी आली, "आजी बोलावतायत."

आजींच्या पुढ्यात बिल्ल्याचा एकच खेकडा होता, निगुतीनं सोललेला, कवचं रचून ठेवलेली. "चांगला होता हो. एक पाय कमी होता त्याला, पण मी म्हटलं, या वयात मलाही दात कमी आहेत. हे घ्या, वाचा, माझा चष्मा बसमध्ये राहिलाय. कुठल्या बोटीचा?"

मित्सुएनं ओला बिल्ला हातात घेतला. एका बाजूला बंदराचं नाव. दुसऱ्या बाजूला कोगेत्सु-मारू.

"अक्षरं पुसट झालीत, आजी," ती म्हणाली. बिल्ला परत देताना तिच्या बोटांना खेकड्याचा चिकटपणा लागला होता. तो रुमालाला पुसूनही गेला नाही.

स्वयंपाकघरात तिचा धाकटा भाऊ तोकुजी पांढरे गमबूट घालून उभा होता. बोट मोडल्यावर त्याला इथंच काम मिळालं होतं. पुढ्यातल्या टबात बर्फातून काढलेले खेकडे पाण्यात सैल पडत होते आणि तो एकेकाच्या नांगीला बिल्ला अडकवत होता. शेजारी डबा. डब्यात निळेच निळे बिल्ले.

"ताई! जेवलीस का?"

"तोकुजी, हे बिल्ले कुठून आले?"

त्यानं हात थांबवला नाही. "उरले होते. सहा हजारांच्या वर होते."

"उरलेले मच्छीमार सोसायटीत जमा करायचे असतात."

"समुद्रात पडले म्हणून सांगितलं. कोण बुडी मारून बघणार आहे?" तो हसला. लहानपणी खोड काढून हसायचा तसाच, आणि मित्सुएला त्या हसण्याचीच किळस आली.

"बाबा लंगड्या खेकड्याला बिल्ला लावत नव्हते रे."

"हे खेकडे गोठलेले येतात, एखादा पाय मोडतोच. आणि बाबांचं काय वाईट केलं मी? बोट गेली, पण नाव रोज पंचवीस ताटांत जातंय. गावात दुसऱ्या कुणाच्या बापाचं जातं, सांग की!"

"लाज नाही वाटत?"

आता त्यानं हात थांबवला. "तू मला लाज शिकवू नकोस, ताई. तू तिकडून माईकवर बाबांचे गोडवे गातेस, मी इकडून बिल्ला बांधतो. लोक तुझं ऐकून जादा पैसे भरतात. दोघांचा मिळून धंदा आहे हा. दोन सीझन झाले, तुला खरंच कळलं नाही?"

खरंच कळलं नव्हतं. पण या प्रश्नावर तिला 'नाही' असं जोरात म्हणता आलं नाही, कारण दोन सीझनमध्ये तिनं एकदाही एक बिल्ला उलटा करून पाहिला नव्हता. वर कीर्तन, आत तमाशा. आणि कीर्तनकार ती.

"हे बघ," तोकुजीचा आवाज खाली आला. "गप्प राहा. अजून अकरा बोटी जातात बंदरातून. बाहेर फुटलं तर त्यांच्या खऱ्या बिल्ल्यालाही कुणी हात लावणार नाही. तुझं काय जातंय? सगळे खूश होऊनच चाललेत ना?"

बस निघाली तेव्हा हॉटेलची माणसं दारात रांगेनं उभी राहून हात हलवत होती. बस वळणाआड जाईपर्यंत हलवायचा, अशी रीत. रांगेच्या टोकाला पांढरे गमबूट घातलेला तोकुजीही होता, दोन्ही हात हलवत. बसमधले लोकही काचेला नाक लावून उलट हात हलवत होते. सगळ्यांच्या बोटांना तोच वास होता. मित्सुएनं खाली मान घालून माईकची वायर सरळ केली.

परतीच्या वाटेवर गाणं आणि कोडी असतात. ती सुरू करणार इतक्यात किनुयो आजी सीटवरून वळून सगळ्या बसला ओरडून म्हणाल्या, "ऐका हो! त्या वाढपी मुलीकडून मी बिल्ला वाचून घेतला. कोणती बोट निघाली माहितेय? कोगेत्सु-मारू! आपल्या गाईडबाईंच्या वडिलांची!"

बसमध्ये 'ओहो' उठलं.

"आणि या बाई मला म्हणतात, अक्षरं पुसट आहेत! लाजल्या हो! बापाचं नाव सांगायला लाजल्या!" आजींनी टाळी वाजवली. मागून कुणीतरी वाजवली, मग एक्केचाळीस जणांनी. पिशवीत पाय भरणारे गृहस्थ तर उभे राहून वाजवत होते.

एवढंच करायचं होतं. किंचित वाकायचं, थोडं लाजायचं आणि कोडी सुरू करायची. अकरा बोटी, तोकुजीची नोकरी, तिची नोकरी, सगळं त्या वाकण्यात जागच्या जागी राहणार होतं. मित्सुए वाकलीसुद्धा. वाकलेली असताना तिला आपल्या बोटांचा वास आला आणि ती सरळ झाली.

"कोगेत्सु-मारू दोन वर्षांपूर्वी एप्रिलमध्ये मोडीत काढली," ती माईकवर म्हणाली. "मी तिथं होते. बोटीच्या नाळेवर, पुढच्या टोकावर, निरोपाची साके-दारू ओतली मी, मग यंत्रानं पहिला घाव घातला. तेव्हापासून त्या बोटीनं एकही खेकडा आणलेला नाही."

टाळ्या एकेक करून विझल्या.

"उरलेले बिल्ले माझ्या सख्ख्या भावानं ठेवून घेतले. तुम्ही जादा पैसे भरून खाल्लात तो खेकडा बाकीच्या खेकड्यांतलाच होता. मी सकाळी शब्द दिला होता. तो खोटा निघाला. सोसायटीला आज मीच फोन करणार आहे."

सेनबानं आरशातून तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा रस्त्याकडे.

"पण चव बरी होती," मागून एक पुरुषी आवाज आला. दोघंतिघं हसले. सुटल्यासारखे हसले.

"मग वाटेतलं सुक्या मासळीचं दुकान आहे ना अजून? की तेही गेलं?" एका बाईनं विचारलं. मित्सुएनं सांगितलं, आहे, वीस मिनिटं थांबू. लोक पाकिटं चाचपू लागले आणि बसमध्ये पुन्हा बोलणं सुरू झालं, मघापेक्षा थोडं मोठ्यानं.

किनुयो आजींनी पर्स उघडली आणि कागदी रुमालात गुंडाळलेला बिल्ला काढला. चष्मा लावून त्यावरची अक्षरं स्वतः एकदा वाचली.

"यांनी पहिल्या पायातच ओळखलं असतं," त्या स्वतःशीच म्हणाल्या. "मी अख्खा खाल्ला आणि वर बोटं चाटली."

मग त्यांनी गोळ्यांची पिशवी उघडली. शेजारच्या सीटवरच्या बाईला एक दिली, मागच्यांना दोन दिल्या. सेनबासाठी एक पुढं ठेवली. मित्सुएनं सवयीनं हात पुढं केला. आजींनी तिच्या तळहातावर बिल्ला ठेवला आणि तिची बोटं मिटवली.

"माझ्या नवऱ्यापुढं हे ठेवता येणार नाही, बाई," त्या म्हणाल्या. "तुमच्या घरचं आहे. तुमच्या वडिलांच्या फोटोपुढं ठेवा."