ड्रॅगनची वाचा जाते

"काकू, दार उघडा! काकांना झालंय तरी काय?"

तळमजल्यावरच्या निवृत्त नर्सबाई रक्तदाब मोजायचं यंत्र घेऊन दारात उभ्या होत्या. तीन जिने धावत चढल्यामुळे त्या क्षणी त्याची खरी गरज त्यांनाच होती. एवढ्यात न्हाणीघरातून पुन्हा आवाज आला, पोटात कळ आलेल्या रेड्यासारखा, लांबलचक.

"काही नाही झालं हो," काकू म्हणाल्या. "ड्रॅगनची वाचा गेलीय."

"कोणाची?"

काकूंनी त्यांना खुर्चीत बसवून पाणी दिलं आणि सगळं सांगितलं. काका परभाषेतल्या चित्रपटांना मराठीत आवाज देत. तीस वर्षांत ते दुसरा शिपाई झाले, तिसरा चोर झाले, गर्दीतले म्हातारे तर किती झाले त्याला हिशेब नाही. एकदा ते करकरणारं दारही झाले होते. मग लहान मुलांच्या एका कार्टूनपटात त्यांना आळशी ड्रॅगन मिळाला. एक धिटुकली मुलगी आणि तिला पाठीवर घेऊन कुरकुरत उडणारा ड्रॅगन. मुलांनी तो इतका डोक्यावर घेतला की तीन भाग निघाले. आता चौथा आला होता आणि त्यात पहिल्या दहा मिनिटांतच चेटकीण ड्रॅगनची वाचा काढून घेत होती.

"म्हणजे पूर्ण पिक्चरभर नुसतं हे असं?" नर्सबाईंनी न्हाणीघराकडे बोट केलं.

"शेवटी शाप सुटतो. तेव्हा एक वाक्य आहे. 'चल, घरी जाऊ.' आठ दिवस तेवढंच चाललंय. परवा मीच म्हटलं, जा ना एकदाचे!"

दुसऱ्या दिवशी काका धुतलेला शर्ट घालून स्टुडिओत गेले. संहितेत संवादांच्या जागी कंसात 'गुरगुर', 'हुं', 'फूत्कार' एवढंच होतं. काकांनी प्रत्येकाखाली पेन्सिलीने रेघ मारली होती.

"हे बाराव्या पानावरचं 'हुं' होकाराचं की नुसतंच?" त्यांनी विचारलं.

"काका, ड्रॅगन आहे तो," दिग्दर्शिका काचेपलीकडून म्हणाली. मुलगी वयाने काकांच्या निम्मी होती, पण गुणी होती.

"म्हणून काय झालं? त्याला मत नसावं?"

दुपारपर्यंत काका गुरगुरले, शिंकले, रुसले. मग शेवटचा प्रसंग आला. जखमी ड्रॅगन बर्फात पडलाय, मुलीने त्याचं नाकाड मांडीवर घेतलंय. मिनिटभर फक्त श्वास, आणि मग ते वाक्य. काकांनी घसा खाकरला.

"काका, श्वासापर्यंतच घेऊ," दिग्दर्शिका म्हणाली. "वाक्य... वाक्य साहेबांचं आहे."

साहेब म्हणजे मोठे नट. पोस्टरवर ड्रॅगनच्या डोक्यावर त्यांचं नाव छापायचं ठरलं होतं.

"तीन भाग मी बोललोय," काका म्हणाले.

"हो काका."

"मुलांना कळेल."

ती आपल्या चपलांकडे बघत राहिली. "निर्मात्यांना वाटतं, नाही कळणार."

काका कानावरचे हेडफोन काढून बाहेर जिन्यावर येऊन बसले. सरळ घरी निघून जावं, असं त्यांच्या मनात आलं. मग बर्फात पडलेला तो ड्रॅगन डोळ्यांसमोर आला. आज आपण गेलो तर उद्या त्याचा श्वास कोणीतरी घाईघाईत उरकून टाकेल. तेवढ्यात काकूंचा फोन आला.

"झालं का? कसं झालं वाक्य?"

"अजून श्वास बाकी आहे," असं म्हणून त्यांनी फोन ठेवला आणि ते आत गेले.

"साहेबांचं रेकॉर्डिंग झालंय?"

"काल झालं."

"ऐकवा."

ऐकवलं. साहेबांचा आवाज काकांच्या आवाजापेक्षा बराच खालून, घोगरा येत होता. काकांनी ते वाक्य तीनदा ऐकलं. "माझा श्वास वरच्या वर संपला तर सांधा दिसेल," ते म्हणाले. "मला उतरत उतरत यांच्यापर्यंत जावं लागेल."

मग ते उतरत गेले. एकदा खोकला आला, एकदा पोटच गुरगुरलं. सहाव्या वेळी श्वास खोल खोल जात असा थांबला की काचेपलीकडे कोणी हललं नाही. रेकॉर्डिस्टला सगळे मौनीबाबा म्हणत. अकरा वर्षांत त्याच्या तोंडून काकांनी 'ओके' आणि 'पुन्हा' हे दोनच शब्द ऐकले होते. तो हेडफोन काढून म्हणाला, "काका, चहा घेणार?"

घरी काकांनी वाक्याबद्दल चकार शब्द काढला नाही.

चित्रपट लागला तेव्हा पहिल्याच रविवारी तिघं सकाळच्या खेळाला गेले, कारण नर्सबाई मागे राहायला तयार नव्हत्या. मागच्या सीटवरची चिमुरडी काकांच्या पाठीत लाथा मारत होती. नर्सबाई दर दोन मिनिटांनी त्यांना कोपराने ढोसत होत्या.

"हे तुम्ही?"

"नाही, तो दगड कोसळला."

"आणि हे?"

"हे मी."

"छान शिंकलात हो!"

शेवटी बर्फ आला. थिएटर चिडीचूप झालं. पाठीतल्या लाथाही थांबल्या. श्वास चढत होता, उतरत होता, खोल जात होता. मग ड्रॅगन बोलला, "चल, घरी जाऊ," आणि पोरांनी टाळ्यांनी थिएटर डोक्यावर घेतलं.

नर्सबाईंनी डोळे पुसले. "बोललात बाई एकदाचे!"

काका नुसतेच हसले. टाळ्या ओसरल्यावर काकू हळूच त्यांच्या कानाशी वाकल्या.

"श्वासापर्यंतच होतात ना तुम्ही?"

काका चपापले. त्या सांध्यासाठीच तर सहा वेळा श्वास घेतला होता. "तुला कसं कळलं?"

"चौतीस वर्षं शेजारी झोपतेय मी."

दिवे लागले. पोरं आरडाओरडा करत बाहेर पळाली. पडद्यावर अजून नावं चालली होती. शेवटाकडे, बारीक अक्षरात, 'इतर आवाज' या यादीत काकांचं नाव यायचं होतं. झाडूवाली बाई त्यांच्या रांगेपर्यंत आली आणि थांबली.

"पाय घ्या हो जरा."

तिघांनीही पाय वर घेतले आणि तसेच, पाय अधांतरी धरून, वर सरकणारी नावं वाचत बसले.