खंडेनवमीचं पाणी

मी नेरे गावातला जुना कम्प्युटर बोलतोय. पडद्याकडे बघू नका, तो नुसता मिरवणारा. खरा मी म्हणजे शेजारचा हा डबा.

१९९८ साली पुण्यात तपकीर गल्लीत माझी जुळणी झाली. बत्तीस एमबी मेमरी! काय रुबाब होता तेव्हा माझा. बावधनच्या ऑफिसात लोक चपला बाहेर काढून माझ्या खोलीत यायचे. पुढे नवी, वेगवान यंत्रं आली आणि मी अडगळीत पडलो. तिथला ड्रायव्हर जनार्दन मला घरी घेऊन आला, बायकोसाठी. हेमलता कम्प्युटरचा कोर्स करत होती. पास झाली तर हिंजवडीत नोकरी मिळायची आशा होती.

परीक्षा तोंडावर आली आणि खंडेनवमी उजाडली. हेमलताच्या सासूबाईंनी, लीलाबाईंनी, विळे-कोयते पुजले, मोटारपंप पुजला आणि माझ्याकडे वळल्या. हळद-कुंकू लावलं, झेंडू वाहिला. इथवर मी खूश होतो. पण हेमलता सराव करत असतानाच त्यांनी सवयीनं तांब्यातलं पाणी शिंपडलं, ते थेट माझ्या जाळीतून आत. मी गपकन बंद पडलो.

"आत्या, चालू व्हता त्यो," हेमलता सासूबाईंना म्हणाली.

"पंपावर शिंपडलं तसंच शिंपडलं की गं." लीलाबाईंचा चेहरा पडला. "आता तुजी परीक्षा?"

हेमलताच्या डोळ्यांत पाणी आलं. सणामुळे दुरुस्तीवाले गावाला गेलेले. तिनं पदर खोचला, प्लग काढला आणि पंपाचा स्क्रू ड्रायव्हर घेऊन मला उघडलं. आतली धूळ बघून मलाच लाज वाटली. तिनं एकेक भाग सुटा करून सुपात ठेवला आणि उन्हात वाळवला. मेमरीच्या पट्टीचे दात खोडरबरानं घासले. दुसऱ्या दिवशी पुन्हा जोडून बटण दाबलं. मी बीप केलं. लीलाबाईंनी मला हात जोडले.

हेमलता पास झाली, पण नोकरीला गेलीच नाही. माझं पोट उघडल्यापासून तिला त्याचाच नाद लागला. तिनं पडवीत दुरुस्तीचं दुकान थाटलं.

आता २०१० आहे. मी पुन्हा बिघडलो आणि माझ्या जोडीचे भाग कुठं मिळत नाहीत. भंगारवाला आला तेव्हा हेमलता म्हणाली, "न्हाई द्यायचा. माजा मास्तर हाय त्यो." आता झाकण काढून मला टेबलावर ठेवलंय आणि गावातल्या पोरी माझ्यावर जुळणी शिकतात. देहदान म्हणा हवं तर. मला त्याचा अभिमान आहे.

लीलाबाई मात्र अजून धास्तावलेल्या. खंडेनवमीला माझ्याजवळ येताना तांब्या उंबऱ्यातच ठेवतात आणि लांबूनच फूल टाकतात.

लीलाबाई, एवढंच मागणं आहे. माझ्यात आता वीज नाही. यंदा तांब्या घेऊन या आणि हात भरून शिंपडा.