मौनघरातली बुधली

मी एक जुनी तेलाची बुधली आहे, मित्रांनो. अंग तांब्याचे, पोट मोठे, मान बारीक आणि चोच वीतभर लांब. बिजागरीत, कुलपात, रहाटाच्या कण्यात, जिथे बोट पोचत नाही तिथे माझी चोच पोचते. मला घडवणाऱ्या तांबटाला माझा भारी अभिमान होता. "एक थेंब म्हटलं की एकच पडतो, बघ," असे तो बायकोला सांगायचा. ती म्हणायची, "तुमच्या तोंडालाही अशीच चोच बसवा की. जरा मोजकं बोलाल."

त्या घरात बोलणे फार. आणि आमच्या जगात बोललेले हवेत विरून जात नाही, ते खाली बसते. प्रत्येक आवाजाची बारीक भुकटी होते आणि जमिनीवर साचते. भांडणाची काळपट आणि भरड, अंगाईची पांढरी आणि मऊ. बाजाराच्या दिवशी रस्त्यात घोटाभर भुकटी असते. संध्याकाळी झाडूवाले ती पाट्या भरभरून नेतात आणि नेताना स्वतःही बडबडतात, म्हणजे मागे पुन्हा तेवढीच.

या प्रकाराला कंटाळून फार पूर्वी काही माणसांनी मौनाचा पंथ काढला. त्यांचे म्हणणे असे की जग मुळात नितळ होते, आपण बोलून बोलून ते गढूळ केले. म्हणून माणसाने जाताना मागे चिमूटभरही भुकटी ठेवू नये. पंथातले कुणी वारले की त्याची खोली झाडून पाहत. सुपलीत शब्दाचा एक कणही आला नाही, तर ते माणूस सिद्ध झाले असे मानत. हे लोक जिथे राहत त्याला मौनघर म्हणत. तांबटाने मला तिथेच देऊन टाकले.

मौनघरात माझ्याइतका मान कुणालाच नव्हता. चव्वेचाळीस दारे, त्याहून जास्त खिडक्या, विहिरीवरचा रहाट. रोज सकाळी मला घेऊन फेरी निघायची. कुठे काही कुरकुरले की माझा एक थेंब, की झाले गप्प. चालताना माझ्या पोटात तेल गुडगुडायचे, ते मात्र सगळे चालवून घेत. मी फुशारून गेले होते, खोटे कशाला सांगू.

फेरी काढायची धाकटी. मौनघराची प्रमुख थोरली ही तिची सख्खी बहीण. धाकटी आली तेव्हा थोरलीने अकरा वर्षे तोंड उघडलेले नव्हते. फाटकातच धाकटी म्हणाली, "ताई, आई गेली गं. आता तू नि मीच उरलो. एकदा तरी बोल माझ्याशी." थोरलीने तिच्या गालावरून हात फिरवला आणि ती आत निघून गेली. धाकटी परतली नाही. आज ना उद्या ताई आपल्याला हाक मारेल, एवढ्या आशेवर तीही मौनघरात राहिली. अशी आणखी अकरा वर्षे गेली.

फाटकाबाहेर बोलायची मुभा होती. तिथे दूधवाली हटकून विचारायची, "काय गं, बोलली का तुझी ताई?"

"बोलेल."

"बोलेल बोलेल म्हणता म्हणता केस पिकले की तुझे!"

धाकटी हसायची, दूध घ्यायची आणि आत येताना ओठ मिटायची.

दर हिवाळ्यात थोरली सात दिवस मागच्या खोलीत एकांतात बसायची. त्या दाराला दोन्ही बाजूंनी जाड घोंगड्या ठोकलेल्या होत्या. खाली ताट सरकवायला लहानशी झडप होती. आतल्याला काही लागले तर त्याने वरची दोरी ओढायची, म्हणजे बाहेर लाल फडका पडायचा. फडका पडला नाही म्हणजे सगळे ठीक. मध्ये कुणी दार उघडायचे नाही, हा नियम.

त्या वर्षी तिसऱ्या दिवशी ताट जसेच्या तसे परत आले. चौथ्या दिवशीही. दूधवालीने ऐकले आणि तिचा चेहरा उतरला.

"दोन दिवस काही खाल्लं नाही? अगं, दार उघडून बघ की!"

"फडका पडलेला नाही. उपास धरला असेल. माझ्यामुळे तिचं मौन मोडलं, तर ती मला कधीच..."

पाचव्या दिवशी दुपारी झडप कुरकुरली. तीनदा कुरकुरली, थांबली, पुन्हा तीनदा. धाकटी बोळातून धावत आली तेव्हा झडप स्थिर होती. वारा असेल, असे तिला वाटले. ताईच्या एकांतात एवढाही अडथळा नको म्हणून तिने लगबगीने मला आणले. गुडघे टेकून बसली आणि माझी चोच बिजागरीत घातली.

मित्रांनो, झडपेच्या फटीतून मला आतली बोटे दिसली. थोरलीची होती. धाकटीचे डोळे बिजागरीवर होते. मी गुडगुडले. मला तेवढेच येते. धाकटीने एक थेंब सोडला, आणि मायेने आणखी एक.

त्यानंतर ती झडप किती वेळा हलली, हे कुणालाच कळले नाही.

आठव्या दिवशी दार उघडले. थोरली जमिनीवर पडलेली होती. तिचे अर्धे अंग लुळे पडले असावे, वरच्या दोरीपर्यंत तिला पोचता आले नव्हते. दुसरा हात झडपेपाशी होता आणि तो गार पडला होता. शिष्यांनी रिवाजाप्रमाणे खोली झाडली. शब्दाचा एक कणही निघाला नाही. फक्त झडपेखाली चिमूटभर तांबूस भुकटी होती, लोखंडाच्या कुरकुरीची. सगळ्यांनी हात जोडले. थोरली सिद्ध झाली होती.

धाकटीने ती भुकटी बोटाने उचलून पाहिली. मग झडप ढकलून पाहिली. आवाज आला नाही. तेव्हा तिला उमगले, आणि ती भर मौनघरात ओरडली, "सिद्ध कसली? ती मला बोलवत होती! मला बोलवत होती, आणि मी तेल घातलं!"

शिष्यांनी माना खाली घातल्या. एकजण केरसुणी घेऊन आला आणि तिच्या पायांभोवती हळूच झाडू लागला. तिने त्याचे मनगट धरले. "राहू दे रे ते. एवढं तरी राहू दे." त्याने हात अलगद सोडवून घेतला आणि सगळे भरून बाहेर टाकले. दुसऱ्या दिवशी धाकटी निघून गेली. कुठे गेली, मला माहीत नाही.

तुमच्या घरी काही कुरकुरले, तर आधी पलीकडे कोण आहे ते बघा. तेल काय, मागाहूनही घालता येते.

माझ्यासारख्या जुन्या वस्तू शेवटी म्हणतात, आम्हाला जपा, अडगळीत टाकू नका. मी मात्र हात असते तर जोडून सांगितले असते, मला टाका. तेल आटू द्या, चोच बुजू द्या, या घरातली दारे पुन्हा कुरकुरू द्या. पण मला आता कोनाड्यात मखमलीवर ठेवले आहे. थोरलीची झडप गप्प करणारी बुधली म्हणून नवे शिष्य माझ्या पाया पडतात. रोज सकाळी मला राखेने लख्ख घासतात, काठोकाठ भरतात आणि फेरीला नेतात. इथे मला फार जपतात, मित्रांनो.