घरच्यांची गाडी

आमच्या रेल्वे वसाहतीत तिकीट काढणं कमीपणाचं समजत. लग्न होऊन आले त्याच आठवड्यात मी शहरात जायला निघाले आणि पर्समधून सुटे पैसे काढले, तेव्हा सासरे म्हणाले, "ते आत ठेव सूनबाई. घरच्या गाडीला कुणी तिकीट काढतं का? उद्या जेवायला बसण्याआधी चुलीपुढे पैसे ठेवशील."

मुख्य मार्गावरून फुटून इथे येणाऱ्या या रेल्वेफाट्यावर सासरे जन्मभर गार्ड होते. नवरा जंक्शनच्या शेडमध्ये फिटर. शेजारी पॉइंट्समन, मागच्या ओळीत दोन लाइनमन, कोपऱ्यावर निवृत्त ड्रायव्हर, त्यांना दोन्ही कानांनी कमी ऐकू येई आणि तरी ते सगळ्यांच्या भांडणात मत देत. घरं रेल्वेची, नळ रेल्वेचा, अंगणातल्या कुंड्यासुद्धा रेल्वेच्या जुन्या बादल्या. प्रत्येक घरात पास. पलीकडे थोडी बाहेरच्यांची घरं होती: एक नर्स, एक शाळामास्तर, एक सायकलवाला. त्यांच्याकडे पास नव्हते. स्टेशनातली खिडकी बंद झाल्यापासून तिकिटं गार्डनं गाडीतच द्यायची असत, पण सासऱ्यांनी गळ्यातलं तिकिटाचं मशीन कधी उघडलंच नाही. नर्सनं पर्स उघडली की म्हणायचे, "राहू द्या हो ताई. घरच्याच आहात." त्यांच्या जागी जो गार्ड आला तो त्यांच्याच हाताखाली तयार झालेला. त्यानं तोच शिरस्ता पुढे चालवला.

माझी मुलगी चार वर्षांची आहे. तिला ऐकू येत नाही. कानाच्या मशीननं थोडं येतं, म्हणजे कुणी दार आपटलं तर ती दाराकडे बघते. हे पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं तेव्हा घरात सगळे म्हणत होते, आमच्याकडे मुलं उशिराच बोलतात. मी तिच्या पाठीमागे ताट खाली टाकून बघत असे. ती वळत नसे. बाकीचे ताटाचा आवाज ऐकून मला ओरडत.

तिची शाळा शहरात, आमच्या गाडीच्या शेवटच्या स्टेशनामागच्या गल्लीत. तिथली पद्धत अशी की मुलाबरोबर आईनंही वर्गात बसायचं. बाई जे हातांनी आणि ओठांनी शिकवतात ते आईनं शिकायचं आणि घरी दिवसभर बोलायचं. मागच्या बाकावर आम्ही सगळ्या आया, हात हलवत, एकमेकींच्या चुकांना हसत. चिमणी, सासरे तिला चिमणीच म्हणतात, वर्षभरात 'पाणी', 'दे', 'पडलं', 'आजोबा' या खुणा करायला लागली. मी तिच्यापुढे दोन-चार शब्द असायची, फार नाही. शाळेच्या वेळेला जुळणारी गाडी सकाळची एकच. हेडबाईंनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, "रोज येणं जमलं नाही तर आपलं वसतिगृह आहे." त्यांनी ते धीर द्यायला सांगितलं होतं. मी मात्र त्या दिवसापासून गाडीकडे आजारी माणसाकडे बघावं तशी बघायला लागले.

संध्याकाळी सासरे चिमणीला घेऊन फलाटावरच्या बाकावर बसत आणि तिला फाट्याचा इतिहास सांगत. तिला ऐकू येत नाही हे त्यांना माहीत होतं. "तोंड बघते की माझं," म्हणायचे. तर ऐकत मीच असे.

हा फाटा मुळात माणसांसाठी घातलाच नव्हता. शहर वाढत होतं, त्याला विटा हव्या होत्या, आणि भट्ट्या इथे होत्या. विटा गेल्या, शहर उभं राहिलं. मग जमिनीच्या एका कंपनीनं भट्ट्यांमागचं माळरान घेतलं आणि प्लॉट पाडले. गाडी असल्याशिवाय प्लॉट कोण घेणार, म्हणून विटांच्या वाघिणींमागे बाकं टाकलेला एक डबा जोडला. लोक विटांची धूळ खात जायचे आणि आल्यावर अंगणात कपडे झटकायचे. प्लॉट खपताहेत हे बघून दुसऱ्या कंपनीनं ओढ्याच्या पलीकडून दुसरे रूळ टाकले. मग लागली चुरस. यानं भाडं उतरवलं की त्यानं उतरवायचं.

"शेवटी फुकट नेऊन वर चहा पाजायची वेळ आली," सासरे सांगत. "दोघे बुडाले. दोघांना तिसऱ्यानं गिळलं, तिसऱ्याला सरकारनं. सरकारनं ओढ्यापलीकडचे रूळ उखडले आणि तिथून हमरस्ता काढला. आणि शहराभोवती असे फाटे किती होते माहितीये? हाताच्या बोटांसारखे. एकेक बोट गेलं."

"आणि आपलं?" मी विचारलं होतं.

"आपला अंगठा. अंगठा कोण कापतं?"

पण मी बघत होते. विजेच्या तारा मुख्य मार्गावर आल्या आणि आमच्या फाट्याच्या तोंडाशी येऊन थांबल्या. "डिझेल बरं, तारेवर कावळे बसतात," सासरे म्हणाले. रविवारची गाडी गेली. "इंजिनालाही एक दिवस सुट्टी नको?" दुपारची गेली. "दुपारी जातं कोण, झोपायचं सोडून?" वेटिंग रूमला कुलूप लागलं, फलाटावरचा नळ कोरडा पडला, एके दिवशी घड्याळ उतरवून नेलं आणि भिंतीवर गोल पांढरा डाग राहिला. प्रत्येक वेळी सासऱ्यांकडे कारण तयार. नवऱ्याला म्हटलं तर तो म्हणे, "तू ना, दूध उतू जायच्या आधीच पोळून घेतेस."

सुनावणीची नोटीस फलाटावर चिकटवली तेव्हासुद्धा वसाहतीत फारसं कुणी घाबरलं नाही. उलट पॉइंट्समननं दाढी केली. सगळे पार्सलच्या खोलीत जमलो. अधिकारी बाई माझ्याच वयाच्या, शांत, प्रत्येकाला नमस्कार करणाऱ्या. त्यांनी लॅपटॉप उघडला आणि सांगितलं की हा फाटा बंद होतोय, कारण यावर प्रवासी नाहीत.

लोक हसले. खरंच हसले.

"मॅडम, मग आम्ही कोण, भुतं?" पॉइंट्समन म्हणाला. "रोज सकाळी डबा भरून जातो."

"तुम्ही कर्मचारी. पासवर जाणारे प्रवासी म्हणून धरत नाहीत. तिकीट काढणारे धरतात."

"मग आमच्या नर्सताई? मास्तर? त्यांना कुठला पास?"

"त्यांनी तिकीट काढल्याचं कुठेच दिसत नाही," बाई म्हणाल्या. "या गाडीत कुणी तिकीट काढल्याचंच दिसत नाही. वर्षानुवर्षं."

हसणं थांबायला जरा वेळ लागला. मागच्या लोकांना ते उशिरा कळलं. नर्सनं सासऱ्यांकडे बघितलं आणि लगेच नजर वळवली. ती बोलणार नव्हती. नवा गार्ड आपले बूट बघत होता. तो बोलला असता तर त्याची नोकरी गेली असती, हे खोलीतल्या प्रत्येकाला कळत होतं.

सासरे उठले. "मी घेत नव्हतो पैसे."

"का?"

"घरचे आहेत."

"घरचे म्हणजे कोण?"

सासऱ्यांनी खोलीभर हात फिरवला. "हे सगळे."

अधिकारी बाईंनी कळफलकावरचे हात काढून मांडीवर ठेवले. त्यांनी ते लिहून घेतलं नाही, म्हणून गार्ड वाचला. मी त्यांचा राग करायला बसले होते, आणि तेही नीट जमेना.

"आजपासून काढली तर?" मी विचारलं. "आम्ही सगळ्यांनी, रोज, पास असला तरी?"

"मोजणी संपलीये, ताई. निर्णय झालाय."

"मग ही सुनावणी कशाची?"

"नियमात आहे. कळवायचं असतं."

मी शाळेचं सांगितलं. चिमणी माझ्या मांडीवर बसून बाईंच्या ओठांकडे टक लावून बघत होती. "हमरस्त्यावरून बस सुरू होईल," बाई म्हणाल्या, आणि चिमणीकडे बघून पुन्हा तेच हळू, तोंड मोठं करून म्हणाल्या. चिमणीनं हसून 'पाणी' अशी खूण केली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळ्यांनी तिकिटं काढायचं ठरवलं. कुणी ठरवलं माहीत नाही, मोजणी संपल्याचं सगळ्यांनी ऐकलं होतं. गार्डनं मशीन बाहेर काढलं तर आतला कागद पिवळा पडून चिकटलेला. बटण दाबलं की नुसतं घर्र करायचं. लाइनमननं स्क्रूड्रायव्हर लावला, निवृत्त ड्रायव्हरनं "तेल घाला" असं ओरडून सांगितलं, नर्स सुटे पैसे मुठीत धरून उभी. कसंबसं एक तिकीट आलं, अर्धं कोरं. सासरे रांगेत होते. त्यांना कुठे जायचं नव्हतं.

"एक माझं," ते गार्डला म्हणाले, "आणि एक चिमणीचं. पूर्ण."

"साहेब, एवढ्या मुलांना तिकीट नसतं."

"असू दे. दे."

गार्ड त्यांना अजून साहेब म्हणायचा. त्यानं मान खाली घालून बटण दाबलं. मशीन घर्र करून बंद पडलं ते पडलंच.

महिन्याच्या अखेरीस गाडी थांबली. बँडबाजा काही नव्हता. त्या सकाळी ती आलीच नाही, एवढंच.

बस मिळायची ती वसाहतीच्या मागे, हमरस्त्यावर. तिथून शहरापर्यंत गाड्यांची रांग. कधी आम्ही वर्ग अर्धा झाल्यावर पोचायचो, कधी सुटताना. चिमणीला बस लागायची. माझ्या मांडीवर, पिशवीवर, एकदा पुढच्या माणसाच्या कोटावर. ओकारी झाली की ती कानातलं मशीन उपसून काढी, आणि मग दिवसभर ते घालू देत नसे. वर्गात गेलो की बाई पुढे गेलेल्या असत. इतर आया सरकून जागा देत आणि राहिलेल्या खुणा मला बाकाखाली पटापट दाखवत. मी अर्ध्या विसरे.

नवऱ्यानं बदलीचा अर्ज केला. उत्तर आलं की जागा नाही. नोकरी सोडली तर घरही सोडावं लागणार. शहरात खोली बघायला गेलो. त्याच्या पगारात शहरात दार मिळालं असतं, खोली नाही. पॉइंट्समनची बायको म्हणाली, "माझ्या बहिणीकडे ठेवा की," आणि मग आम्हा दोघींनाही आठवलं की तिची बहीण एका खोलीत सहा माणसांत राहते. ती तरी काय म्हणणार.

हेडबाईंनी मला एकटीला बोलावलं. "तिचं नुकसान होतंय. ही वर्षं गेली की भाषा बसत नाही. तुम्ही शिकलेल्या आहात, तुम्हाला सांगायला नको."

सांगायला नकोच होतं. तेच सगळ्यात वाईट होतं. मी वाद घालण्यासारखं काही शोधत होते आणि त्यांचं प्रत्येक वाक्य बरोबर निघत होतं.

त्या संध्याकाळी जेवताना नवऱ्यानं ताट बाजूला सारलं. "बाबा, तुमच्या 'घरचे आहेत'नं माझी पोर घराबाहेर चाललीय."

सासऱ्यांनी हातातला घास परत ताटात ठेवला. मी म्हणाले, "त्यांनी तिकिटं फाडली असती तरी बंद केलीच असती." हे खरं असेल किंवा नसेल, मला माहीत नाही. बाकीची बोटं तर तिकिटं फाडूनही गेली होती. पण माझा आवाज असा निघाला की कुणाचंच समाधान झालं नाही, माझंही नाही. चिमणी एकेकाच्या तोंडाकडे बघत होती, कोण बोलतंय ते शोधत.

वसतिगृहात सोडायला आम्ही दोघं गेलो. सासरे आले नाहीत. फ्रॉकांवर, मोज्यांवर, टॉवेलवर मी तिचं नाव दोऱ्यानं भरलं होतं. खोलीत आठ खाटा, भिंतीला खेटून. तिची खिडकीखालची. तिथून जुन्या स्टेशनाची पत्र्याची शेड दिसते, आता तिथे मोटारी उभ्या करतात. मी तिला खुणेनं सांगितलं: आई जाते, आई येते. 'जाते' तिला येत होतं. 'येते' बाईंनी त्याच आठवड्यात शिकवलं होतं, आणि तेव्हा आम्ही बसमध्ये अडकलो होतो. मी माझ्या मनानं काहीतरी खूण केली.

भेटायला दर रविवारी परवानगी असते. पहिल्या दोन रविवारी ती मला चिकटून राहिली. तिसऱ्या रविवारी मला ताप होता. चौथ्या रविवारी गेले तर ती अंगणात मोठ्या मुलींच्या घोळक्यात होती. तिचे हात इतके भराभर चालत होते की मी लांबूनच थांबले. असं बोलताना मी तिला कधी पाहिलं नव्हतं. तिचं चांगलं चाललंय, वसतिगृहाच्या मावशींनी सांगितलं, सगळ्यात हुशार आहे, रात्री रडायचीही थांबली. मला आनंद व्हायला हवा होता. काही झाला असेलही.

मला बघून ती धावत आली. माझ्यासमोर उभी राहून तिनं दोन्ही हातांनी काहीतरी केलं, तीन-चार खुणा, एकामागून एक. मला त्यातली एकही ओळखू आली नाही. तिनं परत केलं, जरा हळू, आपल्या बाई मागच्या बाकावरच्या आयांसाठी करतात तसं. मग माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

मावशी आत गेल्या होत्या. विचारायला जवळ कुणी नव्हतं. तिच्या डोळ्यांत वाट बघणं होतं. मी हसून मान डोलावली. हो.

ती आत पळाली. आली तेव्हा पायात बूट होते, उलटसुलट घातलेले, आणि नावं भरलेल्या कपड्यांची पिशवी फरफटत आणत होती.