कोपऱ्यातले हात

थेट प्रक्षेपण चालू होतं आणि मी माझ्याच हातांनी आईला चोर म्हणत होते.

बहिऱ्या प्रेक्षकांसाठी टीव्हीच्या पडद्याच्या कोपऱ्यात उभं राहून खुणांच्या भाषेत बोलणं हे माझं काम. बोलणारा ‘मी’ म्हणाला की मीही ‘मी’ म्हणायचं. आज बोलणारे होते एक पुढारी, साहेब. सरकारी दवाखान्याच्या लाँड्रीतल्या बायका रुग्णांचे दागिने लांबवतात, असं हे महाशय महिनाभर सभांमधून सांगत सुटले होते.

त्या बायकांत माझी आई आहे. जन्मापासून बहिरी. यंत्रांच्या खडखडाटात आपलं एकटीचं डोकं दुखत नाही, अशी फुशारकी ती मारायची. महिनाभर मात्र तिचे हात कामावरच्या कोटाच्या खिशात होते. म्हणजे तिचं बोलणंच बंद होतं.

दुपारी मी तिला म्हटलं होतं की आज माझ्याऐवजी दुसऱ्या कुणाला तरी पाठवते. ती भडकली.

“एक शब्द गाळायचा नाही,” तिनं हातांनी सुनावलं. “सौम्य करायचा नाही. नाहीतर तो हरला हे मला कळणार कसं?”

म्हणून साहेबांचा सगळा तोरा मी बोट रोखून, छाती काढून इमानानं उतरवला. मनात त्यांच्या सात पिढ्यांचा उद्धार चालला होता, तो भाग वेगळा.

मुलाखत घेणाऱ्या बाईंनी आवाज चढवला नाही.

“साहेब, चोरी झालेल्या एका रुग्णाचं नाव सांगा.”

“अहो, लोक बोलतात.”

“एक नाव. आम्ही थांबतो.”

साहेबांनी कागद चाळले. पाणी प्यायले. बाई खरंच थांबल्या. समोरचा गप्प झाला की आम्ही हात एकावर एक ठेवून पोटाशी धरतो. तसे मी धरले. इतक्या आनंदानं गप्प मी जन्मात उभी राहिले नव्हते.

शेवटी साहेब पुटपुटले, “माझ्याकडे पुरावा नाही. मी शब्द मागे घेतो.”

ते मी खुणांनी सावकाश, नीट दाखवलं. पदरचं काही घातलं नाही. गरजच नव्हती.

घरी लाँड्रीतल्या साऱ्याजणी जमल्या होत्या. आई साहेबांच्या पाणी पिण्याची नक्कल करत होती आणि बायका हसून लोळत होत्या. मला बघताच ती म्हणाली, “ते पुन्हा कर.” मी हात पोटाशी घेऊन उभी राहिले. तिनं डोळे भरून पाहून घेतलं.

सकाळी आई कोट चढवून कामावर निघाली. हात खिशाबाहेर होते. शेजारणीला ती फाटकापासून कोपऱ्यापर्यंत सगळी हकीकत सांगत गेली. शेजारणीला ओ की ठो कळत नव्हतं, तरी ती मान डोलवत होती.